गळकी कळशी

आमचं कॉलेज आणि शेजारचं कॉलेज यांच्यामध्ये एक भिंत होती, आणि त्या भिंतीला एक भगदाड होतं. दर जूनमध्ये दोन्हीकडचे प्राचार्य ते बुजवून घ्यायचे आणि गणपती यायच्या आत ते पुन्हा पडलेलं असायचं. कोण पाडायचं ते सांगत नाही, पण माझ्या चपलेचा अंगठा दोनदा तिथेच तुटलाय. कारण अगदी साधं. त्यांच्या कॅन्टीनचा वडा चांगला होता आणि आमच्या कॅन्टीनचा चहा. वडा खायला तिकडे जायचं, चहा प्यायला ते इकडे यायचे, आणि जाता-येता एकमेकांची यथेच्छ लाज काढायची.

हे मुलुंडचं, ऐंशीच्या दशकातलं. कॉलेजांची नावं मी घेणार नाही. साठीला टेकलेले लोक त्यावरून अजून फोनवर भांडतात, त्यात माझी भर नको. ते आम्हाला म्हणायचे, तुमच्याकडे मार्कलिस्ट बघून नाही, रेशनकार्ड बघून ॲडमिशन देतात. आम्ही म्हणायचो, तुमच्याकडे तेही बघत नाहीत, उंबरठा ओलांडला की ॲडमिशन. क्रिकेटमध्ये दोन्ही कॉलेजं भिकार, त्यामुळे सगळा माज फुटबॉलवर. वर्षातून एकच मॅच, दिवाळीची सुट्टी संपली की. भिंत संपायची तिथे डोंगराच्या पायथ्याशी दोघांचं मिळून एक मैदान होतं. गवत नावालाच, बाकी नुसती लाल माती. एकदा पडलं की आईला शर्ट बघून कळायचं आज पोरगं लेक्चरला बसलं नव्हतं.

आणि या मॅचची ट्रॉफी म्हणजे एक पितळी कळशी. हसू नका. तुमच्या आजीकडे असेल तशीच, पाणी भरायची. कडेला पोचा आलेली, आणि वर गळकी.

तिची गोष्ट मला सीनियर पोरांनी सांगितली होती. पहिल्या वर्षी मॅच झाली, शेजारचे जिंकले, आणि मग कळलं की कप कुणी आणलाच नाहीये. त्यांना वाटलं आम्ही आणणार, आम्हाला वाटलं ते आणणार. दोन्हीकडचे खेळशिक्षक मैदानात उभं राहून भांडायला लागले, त्यांचं बघून पोरं भांडायला लागली. मैदानाच्या कोपऱ्यात माळीकाकांची खोली होती. मैदानाची सगळी देखभाल त्यांच्याकडे. पाणी मारायचं, चुन्याच्या रेघा आखायच्या, गुरं हाकलायची. नवरा-बायको दोघंच, कणकवलीकडची, मूलबाळ नाही. पोरांचा आरडाओरडा ऐकून काकी बाहेर आल्या, कमरेवर भरलेली कळशी. सगळ्यांना पाणी पाजलं तरी भांडण संपेना. तेव्हा त्यांनी उरलेलं पाणी मातीत ओतलं आणि कळशी मधोमध आपटली. "ही घेवा आणि गप रवा, मेल्यांनू!" कळशीचा पोचा त्याच दिवसाचा, असं म्हणत. पोरं खरंच गप्प झाली आणि कळशी घेऊन गेली.

पुढच्याच वर्षी काकी वारल्या. मग कळशी परत मागायची कुणाची छाती होईना, आणि काकांनीही मागितली नाही. त्यांनी फक्त रीत घालून दिली. जिंकेल त्या कप्तानानं कळशी घरी न्यायची, वर्षभर वापरायची, रिकामी ठेवायची नाही. रिकामं भांडं बरं नसतं म्हणे. मॅचच्या दिवशी मैदानावर आणायची. मॅच संपली की काका ती नळावर भरणार, खांद्यावर घेऊन मैदानाच्या मध्यावर येणार, पहिलं ओंजळभर पाणी स्वतः पिणार आणि मग बावीसच्या बावीस जणांना पाजणार. हरलेल्यांनासुद्धा. त्यानंतर कळशी जिंकणाऱ्याची. जिंकणाऱ्यानं गळ्याखाली खिळ्यानं खूण करायची, आम्ही ठिपका, त्यांनी रेघ.

गळायची कुठून, तर बुडाच्या सांध्यातून, थेंब थेंब. काका मैदानाच्या मध्यावर पोचेपर्यंत त्यांचा उजवा खांदा भिजलेला असायचा. एका कप्तानाच्या वडिलांनी म्हणे सांगितलं होतं, आमच्या ओळखीचा डाक लावणारा आहे, पाच मिनिटांत सांधून देईल. काका इतके भडकले होते की त्या वर्षी त्यांनी मैदानावर पाणीसुद्धा मारलं नाही. गळता तर गळू दे, कोणी हात लावूचो नाय. तेव्हापासून कळशी ज्याच्या घरी असेल त्याची आई खाली वाटी ठेवायची.

माझ्या दुसऱ्या वर्षाला आम्ही जिंकलो. मी गोलकीपर आणि कप्तान. शेजारच्यांची पेनल्टी मी अडवली. मुद्दाम अडवली म्हणालो तर खोटं होईल, चेंडू येऊन माझ्या पोटावर आदळला. पण कॉलेजात आठवडाभर मी राजा होतो. नळावरच्या रांगेसमोरून कळशी डोक्यावर घेऊन चाळीत शिरलो तेव्हा पोरांनी शिट्ट्या मारल्या. आईनं कळशी हातात घेतली, खालून वरून बघितली आणि म्हणाली, "गळकं बक्षीस देतात होय रे कुणी?"

मी सांगितलं, गळू दे, भरून ठेव. एवढंच सांगितलं, आणि इथेच माती खाल्ली. ही फिरती ट्रॉफी आहे, वर्षानं परत द्यायची असते, हे बोललोच नाही. मला वाटलं, सगळ्या जगाला ठाऊक असतं. आईच्या हिशेबी मुलानं जिंकून आणलेली वस्तू मुलाची. कपडे वाळत घालण्याच्या शर्यतीत तिला एकदा स्टीलचा डबा मिळाला होता, तो काही हळदीकुंकू मंडळ परत मागायला आलं नव्हतं.

पुढच्या वर्षी ताईचं लग्न ठरलं. तेव्हाच्या लग्नात भांडी म्हणजे स्टील. पितळ म्हणजे जुनंपुराणं, चिंच लावून घासा, परत काळं पडतंय बघा. घराघरातलं पितळ मोडीत जात होतं आणि चकचकीत स्टील येत होतं. आमच्याकडचंही गेलं. दिवाळीच्या सुट्टीत मी मित्रांबरोबर दोन दिवस दहिसरला गेलो होतो. परत आलो तर दाराशी नवी भांडी मांडलेली, हंडा, पराती, डबे. आई अशी खूश की विचारू नका. त्यातली एक स्टीलची कळशी तिनं माझ्यापुढे धरली. "बघ, वाच." कळशीवर मशीननं नाव कोरलं होतं. ताईचं नाव, आणि खाली, 'भावाकडून'.

"तुझ्या बक्षिसाची घेतली," आई म्हणाली. "ती गळकी घालून टाकली मोडीत. म्हटलं, भावाच्या खेळाची आठवण बहिणीच्या घरी राहील."

मी कोपऱ्यात बघितलं. पाटावर नुसती वाटी होती.

त्यानंतर मी जे बोललो ते इथे लिहायची मला शरम वाटते. तोंडाला कडी नव्हतीच कधी, त्या दिवशी तर दारच निखळलं. वाट लागली, नाक कापलंस, तुला विचारायला काय झालं होतं, तुला कळतं काय त्यातलं. ताई मध्ये पडली तर तिलाही झापलं. आई स्टीलची कळशी तशीच हातात धरून उभी. शेवटी एवढंच म्हणाली, "अरे, पण परत द्यायचीय हे सांगायचं ना मला."

मी धावत भांड्यांच्या दुकानात गेलो. दुकानदार भला माणूस, पण काय करणार? मोड आदल्या दिवशीच उचलली गेली होती. "आतापर्यंत भट्टीत गेली असेल हो," म्हणाला. मी त्याच्या पायरीवरच बसलो. कप्तान म्हणून माझी काय इज्जत राहणार, शेजारचे काय टिंगल करणार, हे सगळं आधी डोक्यात आलं, खोटं कशाला बोलू. मग एकदम काकांचा तो ओला खांदा आठवला. त्या माणसाकडे बायकोचं दुसरं काय होतं? फोटोसुद्धा नव्हता. वर्षातून एकदा ती कळशी खांद्यावर घ्यायला मिळायची, आणि ती मी घालवली होती.

मॅचला आठ दिवस होते. घरी आलो, न जेवता पडून राहिलो. सकाळी उठलो तर आई स्टुलावर चढून माळ्यावरून काहीतरी काढत होती. जुन्या साडीत गुंडाळलेली एक कळशी. पितळी, तेवढीच, जवळजवळ तशीच. "माझ्या आईची," म्हणाली. "सगळं मोडीत घातलं, एवढी ठेवली होती. ही घेऊन जा."

मी नको म्हटलं, पण फार जोरात नाही म्हटलं.

मग मी बसलो कामाला. कडेला पोचा पाडला, फडक्यात दगड गुंडाळून. गळ्याखाली खिळ्यानं ठिपके दिले आणि रेघा मारल्या. आमचे चार, त्यांच्या पाच, मला पाठ होत्या. त्यावर काजळी चोळून खुणांचा नवेपणा घालवला. बुडाच्या कडेला आजीचं नाव ठोकलेलं होतं, जुन्या पद्धतीनं, टिंबाटिंबांचं. म्हटलं, बुडाशी कोण बघतंय. उरलं गळणं. मी कळशी पालथी घातली, सांध्यावर खिळा टेकवला आणि हातोडी उचलली. आई समोरच तांदूळ निवडत बसली होती. ती म्हणाली, "घाल भोक. दिली म्हणजे दिली." आणि ताट तिथेच टाकून ओट्याकडे निघून गेली, पाठ करून उभी राहिली. मी हातोडी खाली ठेवली. नाही जमलं बुवा.

म्हटलं, काठोकाठ भरून देऊ, हिंदकळेल, खांदा भिजेल. भिजल्याशी कारण.

मॅचच्या दिवशी दोन्ही कॉलेजं लोटली होती. मुली एका बाजूला, मास्तर एका बाजूला, मध्ये ढोल. कळशी गोलमागच्या चिंचेखाली ठेवली होती, माझ्याच गोलमागे (हाफटाइमला बाजू बदलायची पद्धत आमच्यात नव्हती), आणि बाजूला काका उकिडवे बसले होते, धुतलेला पांढरा शर्ट घालून. त्या एका दिवशीच ते पांढरा शर्ट घालत. मी चेंडूकडे बघत होतो असं सगळे म्हणतात, पण मी अर्धा वेळ मागे बघत होतो. काकांनी कळशीला हात लावला का? पालथी केली का? ते नुसते बसले होते.

पहिल्या हाफमध्ये मी दोन अडवले. दुसऱ्या हाफमध्ये शेजारच्यांचा कप्तान एकटा चेंडू घेऊन आला. शाळेत सात वर्षं तो माझ्या बाकावर बसलेला, त्याचा डावा पाय मला त्याच्या आईपेक्षा जास्त ओळखीचा. तो नेमका त्या डाव्या पायानंच मारणार हे मला ठाऊक होतं. आणि तेवढ्यात मागे कळशीचा आवाज आला, कुणीतरी ती हलवल्यासारखा. मी मान वळवली. चेंडू माझ्या पायांमधून गेला. अरे, कुल्फीवालासुद्धा हसला!

एक-शून्य. हरलो. आमची पोरं माझ्याशी बोलेनात, शेजारचे मातीत लोळत होते. म्हणजे आता आजीची कळशी त्यांच्या घरी जाणार. मी आईला काय तोंड दाखवणार होतो कुणास ठाऊक. पण त्या क्षणी मला दुसरीच धास्ती होती. काका कळशी घेऊन नळाकडे निघाले होते.

मी पळत गेलो, त्यांच्या हातून घेतली, स्वतः भरली. काठोकाठ. थेंब वर ठेवला असता तर सांडलं असतं. काकांनी माझ्याकडे बघितलं. कळशी खांद्यावर घेतली आणि चालायला लागले. मी मागोमाग. शंभरेक पावलं असतील, मला ती डोंगर चढल्यासारखी झाली. मी त्यांच्या खांद्यावर डोळे लावून चाललो होतो. सांड, सांड, म्हणत होतो मनात. पण उभा जन्म पाणी वाहिलेला माणूस तो. एक थेंब सांडला नाही. मैदानाच्या मध्यावर पोचले तेव्हा पांढरा शर्ट कोरडा ठणठणीत होता.

काकांनी डाव्या हातानं खांदा चाचपला. एकदा, परत एकदा. मग कळशी उतरवली आणि बुडाखालून हात फिरवला. बोटं आजीच्या नावावर थांबली.

"ही गळणा नाय," ते म्हणाले.

सगळे ढोलाच्या नादात होते, ऐकलं फक्त मी आणि शेजारच्यांच्या कप्तानानं. मी मान खाली घातली.

"ह्या नाव कोणाचा?"

"माझ्या आईच्या आईचं," मी म्हटलं. आणि मग सगळं सांगून टाकलं, एका दमात, मोड, लग्न, माळा, खिळा, सगळं. मला वाटलं कानाखाली बसणार. बसायलाच हवी होती. काका ऐकत राहिले. मग त्यांनी ओंजळभर पाणी प्यायलं, रीतीप्रमाणे. आम्हा सगळ्यांना पाजलं, कुणालाही वगळलं नाही. शेवटी रिकामी कळशी माझ्या हातात दिली. "आवशीची तुझ्या. तिची तिका न्हेऊन दी."

शेजारच्यांचा कप्तान खवळला. त्याचंही चूक नव्हतं. "काका, यार, जिंकलो आम्ही! मग आम्हाला काय?"

"म्याच जिंकलास मां?" काका म्हणाले. "झाला तर."

आणि ते आपल्या खोलीकडे चालायला लागले. त्या पोराला तेवढ्यानं काय उमगलं माहीत नाही, पण त्यानं कुणाला काही सांगितलं नाही. आपल्या पोरांना म्हणाला, कळशी डाक लावायला दिलीय. त्या एका गोष्टीसाठी त्याच्या कॉलेजला मी आजही थोड्या कमी शिव्या देतो.

घरी आईनं विचारलं, "जिंकलास?" मी म्हटलं, हरलो. "मग ही परत कशी?" मी सांगितलं. तिनं पदराला हात पुसले, कळशी भरली, कमरेवर घेतली आणि म्हणाली, "चल, दाखव मला त्यांची खोली."

संध्याकाळ होत आली होती. काका दाराशी बसले होते, शर्ट काढून दोरीवर टाकलेला. आई समोर जाऊन उभी राहिली. आमची आई कुणापुढे वाकणाऱ्यांतली नाही, पण त्या दिवशी तिनं कळशी काकांपुढे ठेवली आणि हात जोडले. "भाऊ, तुमच्या बायकोची कळशी मी मोडीत घातली. मला ठाऊक नव्हतं. आता ही तुम्ही ठेवा."

काकांनी तिला आधी पाट दिला, मगच बोलले. "नको बाय. तेच्यार तुझ्या आवशीचा नाव हा." मग मैदानाकडे बघत म्हणाले, "तिनापण मोडीतच घातल्यान असती. गळकी म्हणान लय वैताग तिका. लुगडा भिजा. दोन वर्सा माझ्या मागे लागलली, डाक लावन हाडा, डाक लावन हाडा. मी आपलो उद्या हाडतंय, परवा हाडतंय करत रवलंय. मगे कळशी गेली, मगे ती गेली."

डाक लावून आणतो, आणतो म्हणत राहून गेलं, म्हणून कुणाला हात लावू देत नव्हते तर. वर्षातून एकदा तो माणूस खांदा भिजवून घ्यायला येत होता, आणि आम्ही गाढवं टाळ्या वाजवत होतो.

पुढच्या वर्षी दोन्ही कॉलेजांनी मिळून खराखुरा कप आणला, लाकडी बैठकीचा, चकचकीत. तो काचेच्या कपाटात राहायचा, त्यात कुणी पाणी प्यायलं नाही. काका नंतर गावी गेले. मैदानावर आता इमारती आहेत, भगदाडाच्या जागी गेट आहे. आजीची कळशी माझ्याकडे आहे, ठिपके आणि रेघांसकट. भरलेली असते.

परवा जेवताना बायको म्हणाली, बाथरूमचा नळ ठिबकतोय. मी ताटावरून उठलो आणि पाना शोधायला लागलो. ती म्हणाली, "अहो, जेवून तर घ्या! नळ काय पळून जातोय?"

म्हटलं, "नळ नाही गं जात."